मदत हवी आहे: डोंगरातली छोटी शाळा, वसतिगृह की रोज ये-जा?

मुलगी पुढच्या वर्षी आठवीत जाईल. डोंगरातल्या एका छोट्या खासगी शाळेत तिला घालायचं जवळपास ठरलंय. वर्गात जेमतेम बारा-पंधरा मुलं, निम्मी वसतिगृहात, निम्मी डे स्कॉलर. प्रस्तरारोहण, नकाशा-होकायंत्राचा सराव वेळापत्रकातच, शिवाय दर सत्रात एक मुक्कामी मोहीम. लेक हरखून गेलीये. आमचं घोडं दोन ठिकाणी अडलंय.

एक म्हणजे राहायचं कुठे. शाळेजवळ घर मिळण्यासारखं आहे, त्यामुळे दोन्ही पर्याय खुले आहेत. नवऱ्याचं म्हणणं, पहिलं वर्ष घरून जाऊ दे. पण शाळा बघायला गेलो तेव्हा दिसलं की बस सुटल्यावरच तिथे खरी धमाल सुरू होते. दोर गुंडाळणं, तंबू वाळत घालणं, स्टोव्ह पेटवून बघणं, कोणाच्या पाठपिशवीत काय यावरची भांडणं, सगळं संध्याकाळी. ये-जा करणारं मूल मग मोहिमेत पाहुण्यासारखं जाणार का?

दुसरं, तिला सौम्य दमा आहे. थंड हवेत चढ चढताना धाप लागते. इनहेलरचं विचारलं तर म्हणाले, "वॉर्डनच्या कपाटात कुलूपबंद असतो, काळजी नको." तेव्हापासून जास्तच काळजी लागलीये. माहितीपत्रकात शिक्षणतज्ज्ञ कुर्ट हान आहेत, १९४१ साली वेल्समध्ये सुरू झालेलं त्यांचं साहसी शिक्षणाचं आउटवर्ड बाउंड आहे, चारित्र्य घडवणं आहे. प्रशिक्षकांच्या प्रथमोपचार प्रशिक्षणाबद्दल मात्र चकार शब्द नाही.

जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावं. "मुलं आपोआप कणखर होतात" हे ऐकून झालंय.

प्रतिसाद १
बरीच वर्षं शाळकरी मुलांच्या मोहिमा नेल्या आहेत, त्यावरून लिहितो. इनहेलर मुलीच्या अंगावरच हवा, दुसरा मोहीमप्रमुखाकडे. थंडीत डबीतला दाब कमी होऊन फवारा नीट येत नाही, म्हणून तो पाठपिशवीत न ठेवता जॅकेटच्या आतल्या खिशात ठेवायचा. डॉक्टरांकडून लेखी योजना घ्या: चढाआधी किती फवारे, त्रास झाला तर किती, कधी खाली उतरवायचं. हे शाळेला मान्य नसेल तर पुढचं बोलणंच नको.

प्रशिक्षणाबद्दल नेमकं विचारा. वाइल्डरनेस फर्स्ट एड हा दुर्गम भागातल्या प्रथमोपचाराचा साधारण १६ तासांचा कोर्स, तर वाइल्डरनेस फर्स्ट रिस्पॉन्डर ७०-८० तासांचा. रुग्णालय काही तासांवर असेल तर मोहीमप्रमुखाकडे दुसरा हवा. प्रमाणपत्राची मुदतही बघा.

छोट्या शाळेत गणिताचे सरच वॉर्डन आणि तेच मोहीमप्रमुख असतात. दोघं मोठे मोहिमेवर गेले की मागे वसतिगृहात रात्री कोण असतं, हे जरूर विचारा. थोडक्यात टळलेल्या प्रसंगांची नोंदवही दाखवायला सांगा. "आमच्याकडे कधीच काही झालं नाही" म्हणणाऱ्या शाळेपेक्षा भरलेली वही दाखवणारी शाळा मला बरी वाटते.

प्रतिसाद २
+१. मोहीम २,५०० मीटरच्या वर जाणार असेल तर विरळ हवेचा त्रास कोणालाही होऊ शकतो. ३,००० मीटरच्या पुढे मुक्कामाची उंची रोज ५०० मीटरहून जास्त वाढवू नये, दर तीन-चार दिवसांनी एक दिवस विश्रांती घ्यावी. वीज-गडगडाट झाला तर शेवटच्या गडगडाटानंतर ३० मिनिटं आडोसा सोडायचा नाही. हे नियम मुलांना पाठ आहेत का, ते मुलांनाच विचारा, मुख्याध्यापकांना नको.

राहण्याबद्दल: माझा मुलगा पहिलं सत्र डे स्कॉलर होता, पण आठवड्यातून दोन रात्री वसतिगृहात. अशी सोय असेल तर आधी ती घ्या. नसेल तर निदान मोहिमेआधीचा आठवडा तरी मागून घ्या. सामान बांधताना जी टोळी जमते, तीच पुढे टिकते.

धागालेखिका
दोघांचेही मनापासून आभार. दोन रात्रींचा पर्याय डोक्यातच आला नव्हता. उद्या फोन करून तो, कपाटाची किल्ली आणि नोंदवही, तिन्ही विचारते. आणखी एक: दमा असलेल्या मुलांना पहिल्या मोहिमेला नेण्याआधी चाचणी म्हणून लहान चढाई घेतात का? कोणाच्या शाळेत तशी पद्धत असेल तर प्लीज लिहा.