तापांना रंगांची नावे कशामुळे पडली?

प्रश्न: पीतज्वर, लोहितज्वर, काळा आजार या नावांमागे शरीरातील काही निश्चित बदल असतात काय?

उत्तर १: असतातच. पीतज्वराचा विषाणू यकृताला इजा करतो आणि कावीळ होऊन त्वचा व डोळे पिवळे दिसू लागतात, तर लोहितज्वरात स्ट्रेप्टोकॉकस जिवाणूंच्या विषामुळे अंगावर लाल पुरळ उठते. वाळूमाशीमुळे पसरणाऱ्या काळ्या आजारात काही रुग्णांची त्वचा काळवंडते.

उत्तर २: डेंग्यूला मिळालेले ‘हाडमोड्या ताप’ हे नाव मात्र वेदनेवरून आले आहे. परागकणांच्या ॲलर्जीला ‘परागज्वर’ म्हणणे (माझ्या मते सर्वांत फसवे) चुकीचेच, कारण तिच्यात ताप येत नाही.

उत्तर ३: १८४८ मध्ये कॅलिफोर्नियात सोने सापडल्यावर उसळलेल्या सुवर्णज्वराला संसर्गाचे रूपक शोभते, कारण नुसती बातमी ऐकूनही माणसे घरदार सोडून निघत होती. निवडणूकज्वर हा शब्द मात्र वृत्तपत्रांनी वापरून गुळगुळीत केला आहे.