पनवेलजवळच्या कर्नाळा अभयारण्यात पावसाळ्यात तिबोटी खंड्याच्या घरट्यांजवळ कॅमेरे बंद करावेत का?

पनवेलकर:
माझं मत सरळ आहे. हो, बंद करावेत, यंदापासूनच. मागच्या जुलैत ओढ्याकाठी गेलो तर सात-आठ ट्रायपॉड लावलेले, मातीच्या दरडीत बीळ होतं त्याच्या तोंडावरची नेची कुणीतरी उपटून टाकलेली आणि पक्षी नेमका तिथेच बसावा म्हणून समोर एक काडी रोवलेली. खंड्या चोचीत सापसुरळी घेऊन आला, तिची शेपूट अजून वळवळत होती. काडीवर बसलाच नाही. मागच्या वेलीवर बसून मान वरखाली करत राहिला, बिळाकडे काही जाईना. मी घड्याळ बघत होतो, अकरा मिनिटं! शेवटी ती सापसुरळी घेऊन तसाच उडून गेला. आत पिल्लं होती, आवाज येत होता. चिमणीएवढा जीव तो, पहिल्या पावसाबरोबर रात्रीचा प्रवास करून कोकणात येतो, वाटेत कित्येक तर मुंबईत खिडक्यांच्या काचांवर आपटून मरतात, आणि जो जगून वाचून इथवर पोचतो त्याचं आपण हे करायचं?

लेन्सवाला:
काडी रोवणारे आणि नेची उपटणारे चुकलेच, त्यांची बाजू घेणार नाही. पण सगळ्यांना एकाच मापाने मोजू नका राव. मी लांबून, हाइड म्हणजे लपून बसायचा आडोसा लावून, अर्ध्या तासाच्या वर थांबत नाही. आणि आज तिबोटी रायगडचा जिल्हा पक्षी आहे, तो लोकांना माहीत झाला तो फोटोंमुळेच ना? वीस वर्षांपूर्वी पनवेलमध्ये दहा जणांना विचारलं असतं तर कुणी नाव सांगितलं नसतं. खरं नुकसान बघायचं तर हायवेकडे बघा. १९६८ ला अभयारण्य झालं तेव्हा जेमतेम साडेचार चौरस किलोमीटरच्या आसपास, नंतर वाढवून १२.११ केलं, तरी जीव केवढासा, आणि त्याच्या पोटातून मुंबई-गोवा हायवे जातो, तोही आता रुंद. दिवसरात्र ट्रक, हॉर्न. त्यापुढे माझं शटर किती वाजतं?

किल्लेप्रेमी:
गर्दीचं बोलायचं तर पावसाळ्यात किल्ल्यावर जाणारेच जास्त असतात. कर्नाळा पुरंदरच्या तहात १६६५ ला मोगलांकडे गेलेल्या किल्ल्यांपैकी, १६७० ला परत स्वराज्यात आला, १८१८ ला इंग्रजांनी घेतला. वाट जंगलातूनच जाते, ती बंद होता कामा नये. पण वाट सोडून ओढ्यात उतरायचं काही कारण नाही. सुळक्यावर आग्या मोहोळं आहेत, तिथे दंगा केला की माशा लगेच शिक्षा देतात. खालचा खंड्या बिचारा काय करणार?

वाडीवरची:
बंद म्हटलं की पहिलं आमचं बंद होतं, हे लक्षात घ्या. अभयारण्य झालं तेव्हा आमच्या माणसांची लाकूडफाट्याची वाट अडली, आजी अजून ते सांगते. आता पोरं पक्षी दाखवून चार पैसे कमावतात ते पण नको का? रान आम्हाला नवं नाही. उंबर कधी पिकतो, हरियाल कुठे उतरतात, पोरांना झोपेत विचारा.

पनवेलकर:
ताई, तुमचं पटतंय, मी वाडीवाल्यांना अडवा म्हणतच नाहीये. उलट सोबत वाडीतला माणूस असल्याशिवाय ओढ्याकडे कुणाला सोडूच नये, त्याचे पैसे ठरवून द्यावेत. लेन्सवाला, हायवेचं नुकसान मोठं म्हणून आपलं माफ होतं असं कसं? तो रस्ता तुम्हाला-मला उद्या हलवता येणार नाही, ट्रायपॉड आजच्या आज हलवता येतो. आणि मुदत तरी केवढी, अंडी उबवायला साधारण १७ दिवस, मग पिल्लं बिळात २० दिवस. नर-मादी दोघंही बीळ खणतात, दोघंही भरवतात, म्हणजे दोघांचीही ये-जा अडली की पिल्लं उपाशी. पूर्ण अभयारण्य नको, फक्त ओढ्यांच्या दरडी, तेवढे दिवस.

लेन्सवाला:
ओढ्यापुरतं असेल तर मी तयार आहे. पण पाटी लावून काही होत नाही, पाटीशेजारीच लोक उभे राहतात, मी पाहिलंय. आणि पिल्लं उडून गेल्यावर फोटो काढू द्या, तेव्हा तरी अडवू नका. घरट्याची नेमकी जागा ग्रुपवर टाकायची बंद करा हे मात्र मी माझ्या ग्रुपला आजच सांगतो.

वाडीवरची:
जागा ग्रुपवर टाकायची नाही एवढं जरी केलंत तरी खूप झालं. यंदा वरच्या अंगाला एका जोडीने बीळ धरलंय, परवा सरपणाला गेले तेव्हा बिळाखाली ताजी माती पडलेली दिसली. माझा भाऊच गाड्यांवाल्यांना रानात नेतो, त्याला पण मी अजून सांगितलेलं नाही.