मदत हवी आहे: तीन-तीनचे गट, बरोबरी नको, आणि १९९४ चा बार्बाडोस–ग्रेनेडा सामना

पेठेतला_बॅक

नमस्कार मंडळी,

दिवाळीच्या सुट्टीत आमच्या पेठेत (कोल्हापूर) १४ वर्षांखालच्या पोरांची फुटबॉल स्पर्धा घेतोय. सहा संघ, तीन-तीनचे दोन गट, प्रत्येक गटातला पहिला थेट फायनलला. टर्फ एकाच दिवसासाठी मिळालंय, त्यामुळे सामने वाढवता येत नाहीत. आणि तीनच संघांच्या गटात एक-दोन सामने बरोबरीत सुटले की सगळं अडकतं, म्हणून प्रत्येक सामन्याचा निकाल लागलाच पाहिजे असं मंडळाचं मत आहे.

परवाच्या बैठकीत एक सूचना आली. बरोबरी झाली तर पाच-पाच मिनिटांचा जादा वेळ द्यायचा, त्यात पहिला गोल झाला की सामना तिथेच संपवायचा, आणि तो गोल दोन गोल म्हणून धरायचा. सूचना करणाऱ्याचा हेतू चांगला आहे. पोरं टायब्रेकरची (पेनल्टींवर निकाल लावण्याची) वाट बघत मागे बसतात, ती पुढे येऊन खेळतील. बहुतेकांना पटलंही.

पण आमच्यातले एक ज्येष्ठ, तालमीच्या संघाचे जुने गोलकीपर, म्हणाले की असाच नियम वेस्ट इंडीजकडच्या बेटांच्या स्पर्धेत होता आणि तिथे एका संघाने मुद्दाम स्वतःच्या जाळ्यात बॉल मारला होता. पुढचा तपशील त्यांना आठवेना. मी शोधलं तर कुठे बार्बाडोस लिहिलंय, कुठे थायलंड.

ही गोष्ट खरी आहे का? आणि स्वतःवर गोल घेऊन फायदा होतो कसा? पुढच्या बैठकीत हे मला फळ्यावर आकड्यांत मांडायचंय, नाहीतर नियम तसाच छापला जाईल. कुणी नीट समजावून सांगेल का?

गल्लीबोळ

गोष्ट शंभर टक्के खरी. यूट्यूबवर शेवटच्या काही मिनिटांचं चित्रीकरण सापडेल. मला वाटतं दोन्ही संघांना पुढच्या फेरीत अमुक एक संघ टाळायचा होता म्हणून त्यांनी असं केलं.

तिरपा_पास

गल्लीबोळ, तुम्ही सांगताय तो दुसरा सामना. १९९८ च्या टायगर कपमध्ये (आग्नेय आशियाई देशांची स्पर्धा) थायलंड आणि इंडोनेशिया दोघेही आधीच उपांत्य फेरीत पोचले होते आणि गटात पहिलं यायची दोघांचीही इच्छा नव्हती, कारण पहिल्याला हनोईत जाऊन यजमान व्हिएतनामशी खेळावं लागणार होतं. शेवटी इंडोनेशियाच्या मुर्शिद एफेंदीने स्वतःच्या जाळ्यात बॉल मारला. दोन्ही संघांना दंड झाला. तिथे सगळा खेळ हरण्यासाठी चालला होता. बार्बाडोसने केलं ते जिंकण्यासाठी. पेठेतला_बॅक यांना हवाय तो सामना हाच, म्हणून सविस्तर लिहितो.

स्पर्धा म्हणजे शेल कॅरिबियन कप. कॅरिबियन बेटांच्या राष्ट्रीय संघांसाठी १९८९ ते २०१७ पर्यंत ही चालली. १९९४ ची मुख्य फेरी एप्रिलमध्ये त्रिनिदादला होती, आणि तिच्या पात्रता फेरीतला एक गट जानेवारीत बार्बाडोसला खेळवला गेला. संघ तीन: बार्बाडोस, ग्रेनेडा, प्वेर्तो रिको. पुढे एकच जाणार. नियम तुमच्या सूचनेसारखाच: बरोबरी नाही, जादा वेळेतला पहिला गोल झाला की सामना संपला, आणि तो गोल दोन धरायचा.

आता फळ्यावर हे मांडा.

पहिला सामना: प्वेर्तो रिको १, बार्बाडोस ०.
दुसरा सामना: ग्रेनेडा आणि प्वेर्तो रिको ०–०, जादा वेळेत ग्रेनेडाचा गोल, तो दोन धरला, म्हणून २–०.

गोलफरक (केलेले गोल वजा खाल्लेले गोल): ग्रेनेडा +२, प्वेर्तो रिको −१, बार्बाडोस −१.

तिसरा सामना २७ जानेवारीला, बार्बाडोस विरुद्ध ग्रेनेडा. बार्बाडोस जिंकला की तिघांचाही एकेक विजय होतो. ‘आपसातला निकाल बघू’ म्हणायचीही सोय नाही, कारण प्रत्येकाने एकाला हरवलंय आणि एकाकडून हरलाय. मग सगळं गोलफरकावर येतं. बार्बाडोस दोन गोलांनी जिंकला तर त्याचा +१, ग्रेनेडाचा ०, म्हणजे बार्बाडोस पुढे. एकाच गोलाने जिंकला तर बार्बाडोस ०, ग्रेनेडा +१, म्हणजे ग्रेनेडा पुढे.

बार्बाडोसने २–० अशी आघाडी घेतली. हवं ते हातात होतं. ८३ व्या मिनिटाला ग्रेनेडाने गोल केला, २–१. आता बार्बाडोस जिंकत होता आणि तरीही बाहेर जात होता. थोडा वेळ त्यांनी तिसऱ्या गोलासाठी धडपड केली. ग्रेनेडाचे सगळे मागे येऊन उभे राहिलेले, जागाच मिळेना. ८७ व्या मिनिटाला बार्बाडोसचा बचावपटू टेरी सीली आणि गोलरक्षक होरेस स्टाउट यांनी आपल्याच गोलासमोर बॉल एकमेकांकडे ढकलला आणि सीलीने तो सरळ स्वतःच्या जाळ्यात मारला. २–२. हिशोब असा: आहे तसं संपलं तर बाहेर. बरोबरी झाली तर अर्धा तास जादा मिळतो, आणि त्यात एक गोल केला की तो दोन धरला जातो, म्हणजे हवा तो दोनचा फरक आपोआप.

पुढची तीन मिनिटं तर विलक्षण आहेत. ग्रेनेडाच्या लक्षात आलं की आता कुठल्याही बाजूला एक गोल झाला तरी आपण पुढे जातो. ३–२ ने जिंकलो तरी आपण, ३–२ ने हरलो तरी फरक एकाचाच, तरी आपण. म्हणून ते दोन्ही गोलांवर चाल करू लागले आणि बार्बाडोसला दोन्ही गोल राखावे लागले. बार्बाडोसचे खेळाडू प्रतिस्पर्ध्याच्या गोलासमोर बचावाला उभे! त्यांनी ते निभावलं. जादा वेळेत ट्रेव्हर थॉर्नने गोल केला, ४–२, बार्बाडोस पात्र.

ग्रेनेडाचे प्रशिक्षक जेम्स क्लार्कसन फार चिडले. आपल्याला फसवल्यासारखं वाटतंय आणि हे नियम करणाऱ्याला वेड्यांच्या इस्पितळात ठेवायला हवं, अशा अर्थाचं ते बोलले. बार्बाडोसवर कारवाई झाली नाही, कारण त्यांनी कुठलाच नियम मोडला नव्हता.

मडगावकरीण

हिशोब कळला. तरी मी मुलींच्या संघाला शिकवते, म्हणून सांगते: माझ्या मुलींपैकी कुणी मुद्दाम स्वतःवर गोल घेतला तर मी तिला बाहेर बसवीन. आकड्यांत बसतं म्हणून ते खेळात बसतं असं नाही. ग्रेनेडाच्या पोरांनी दोन गोलांनी पिछाडीवर असताना ८३ व्या मिनिटाला गोल काढला, त्याची ही किंमत?

तिरपा_पास

ताई, ग्रेनेडाबद्दल वाईट मलाही वाटतं. पण बार्बाडोसच्या खेळाडूंसमोर काय होतं ते बघा. प्रामाणिकपणे २–१ ने जिंकून घरच्या प्रेक्षकांसमोर स्पर्धेबाहेर जायचं, किंवा नियमाने उघडी ठेवलेली वाट धरायची. पुढे जाण्यासाठी खेळणं हेच तर त्यांचं काम. जिथे स्वतःवर गोल घेणं शहाणपणाचं ठरतं, तिथे चूक नियम लिहिणाऱ्याची, खेळणाऱ्याची नाही. आणि तुम्ही म्हणता तसं चौदा वर्षांच्या मुलीला बाहेर बसवण्याची वेळ यायला नको असेल, तर तो नियमच आधी काढायला हवा. पेठेतला_बॅक यांच्या हातात आज तेच आहे.

मडगावकरीण

नियम काढा, यावर आपलं एकमत. बाकीचं माझं मत तसंच आहे.

क्रिकेटवाला_नाना

थोडं विषयांतर, माफ करा. ही बेटं क्रिकेटमध्ये वेस्ट इंडीज म्हणून एकत्र खेळतात, मग फुटबॉलमध्ये वेगवेगळी का? आणि ग्रेनेडा केवढा देश आहे?

तिरपा_पास

नाना, फिफाचं सदस्यत्व बार्बाडोस, ग्रेनेडा अशा देशांच्या फुटबॉल संघटनांनी वेगवेगळं घेतलंय, म्हणून. शिवाय कॅरिबियन कपमध्ये क्युबा, हैती, मार्टिनिक, कुरसाव असे संघही यायचे, ज्यांचा वेस्ट इंडीज क्रिकेटशी संबंध नाही. ग्रेनेडाची लोकसंख्या लाखाच्या थोडी वर, बार्बाडोसची तीन लाखांच्या आत. दोन्ही देश मिळूनही एकट्या कोल्हापूर शहराएवढी माणसं होत नाहीत. भालाफेकीत २०२२ च्या जागतिक स्पर्धेत नीरज चोप्राला मागे टाकून सुवर्ण घेणारा अँडरसन पीटर्स ग्रेनेडाचाच. आणि २०१७ चा शेवटचा कॅरिबियन कप जमैकाला हरवून जिंकलेला कुरसाव, दीड लाख वस्तीचा, आता २०२६ च्या विश्वचषकाला पात्र ठरलाय. एवढ्या लहान लोकसंख्येचा देश याआधी तिथवर कधीच पोचला नव्हता. असल्या देशांना पुढच्या फेरीचं मोल किती असतं, ते यावरून समजा.

पेठेतला_बॅक

तिरपा_पास दादा, लय आभार. वहीत तक्ता मांडून बघितला, बरोबर जुळतोय. आता पुढची अडचण. बैठकीत कुणीतरी म्हणणारच, की ‘दोन धरायचा’ एवढं काढू, पहिल्या गोलाला सामना संपवणं राहू दे. मग चालेल का?

तिरपा_पास

निम्मं दुखणं जाईल. त्याच सामन्यांवर ताडून बघू.

दोनचा नियम नसता तर ग्रेनेडाने प्वेर्तो रिकोला १–० ने हरवलं असतं. म्हणजे ग्रेनेडाचा +२ सुद्धा त्याच नियमाची देणगी होती, हे सहसा कुणी सांगत नाही. शेवटचा सामना बार्बाडोसने २–१ ने जिंकला असता, तर बार्बाडोसचे केलेले २, खाल्लेले २. ग्रेनेडाचेही केलेले २, खाल्लेले २. प्वेर्तो रिकोचे १ आणि १. तिघांचाही फरक शून्य! अशा वेळी स्वतःवर गोल घेऊन जादा वेळेत ३–२ केलं तरी दोघांचे तीन-तीन होतात, काहीच हाती लागत नाही. म्हणजे मुद्दाम गोल घेण्याचं कारण संपलं. पण पहिला कोण, हा प्रश्न तसाच उरला, आणि शेवटी चिठ्ठ्या टाकायची पाळी.

शिवाय जादा वेळेतल्या पहिल्या गोलाला सामना संपवण्याचा प्रयोग मोठ्या स्पर्धांतही झाला. १९९८ च्या विश्वचषकात फ्रान्सच्या लॉरां ब्लांने पॅराग्वेवर असाच गोल केला. पण संघ पुढे येण्याऐवजी चूक होईल या धास्तीने आणखीच मागे बसायला लागले आणि २००४ मध्ये ते बंद झालं. तुमच्या मंडळाला नेमका याच्या उलटा परिणाम हवाय.

पावसाळी_मैदान

मी पुण्यात मुलांच्या स्पर्धांना पंच म्हणून जातो. तीन-तीनच्या गटाला आम्ही वापरतो ते सांगतो, कदाचित उपयोगी पडेल.

पूर्ण वेळेत जिंकलं तर ३ गुण. बरोबरी झाली तर जादा वेळ नाही, लगेच टायब्रेकर. टायब्रेकर जिंकणाऱ्याला २, हरणाऱ्याला १. टायब्रेकरचे गोल गोलफरकात धरायचे नाहीत. २०२३ मध्ये अमेरिका आणि मेक्सिकोच्या क्लबांच्या लीग्ज कपमध्ये तीन-तीनचेच गट होते आणि तिथेही हीच पद्धत होती. फायदा असा की स्वतःवर गोल घेतला की गुणही कमी आणि फरकही कमी. कुठल्याही मिनिटाला ते फायद्याचं ठरत नाही. पोरं मागे बसण्याची काळजी असेल, तर पूर्ण वेळेत जिंकल्यावर एक गुण जास्त मिळतोय, हे त्यांना सांगा.

दुसरी गोष्ट सामन्यांच्या क्रमाची. तीनच्या गटात शेवटच्या सामन्याच्या वेळी एक संघ बाहेर बसलेला असतो आणि मैदानातल्या दोघांना आपल्याला नेमकं काय पुरेल ते माहीत असतं. १९८२ च्या विश्वचषकात अल्जेरियाचे सामने आदल्या दिवशी संपले होते. त्याच गटातल्या पश्चिम जर्मनी आणि ऑस्ट्रिया दोघांनाही पुढे जायला जर्मनीचा १–० विजय पुरत होता, आणि तो गोल झाल्यावर दोघांनी उरलेला वेळ नुसता काढला. अल्जेरिया बाहेर. तेव्हापासून गटातले शेवटचे सामने एकाच वेळी खेळवतात. तीनच्या गटात तेही शक्य नाही. म्हणूनच २०२६ च्या विश्वचषकासाठी तीन-तीनचे १६ गट ठरले होते, ते फिफाने मार्च २०२३ मध्ये बदलून चार-चारचे १२ केले.

तुम्हाला चारचे गट जमणार नाहीत. पण तुमच्या गटातून एकच संघ पुढे जातोय, त्यामुळे दोघांनी संगनमत करून दोघांचंही भलं होण्याची शक्यता राहत नाही. आणि पहिले येणारे थेट फायनलला, म्हणजे थायलंडसारखा प्रतिस्पर्धी निवडण्याचाही मोह नाही. फक्त एवढं करा: पहिल्या सामन्यात हरलेला संघ दुसरा सामना खेळेल, असं ठेवा. त्यामुळे गट शेवटपर्यंत जिवंत राहण्याची शक्यता वाढते. मध्ये दुसऱ्या गटाचा सामना घातला की पोरांना दमही खाता येईल.

पेठेतला_बॅक

हे अगदी हवं तसं मिळालं. उद्या छापखान्यात द्यायच्या आधी मसुदा इथे टाकतो, कृपया बघा:

‘पूर्ण वेळेत विजय ३ गुण. बरोबरी झाल्यास प्रत्येकी पाच पेनल्टीचा टायब्रेकर. विजेत्यास २, पराभूतास १ गुण. गुण समान झाल्यास आपसातील निकाल, नंतर गोलफरक, नंतर केलेले गोल, शेवटी चिठ्ठी. पहिल्या सामन्यात हरलेला संघ गटातील दुसरा सामना खेळेल.’

पावसाळी_मैदान

दोन दुरुस्त्या. ‘गोलफरक’च्या पुढे ‘टायब्रेकरचे गोल वगळून’ एवढं नक्की घाला, नाहीतर वाद तिथेच होणार. आणि पहिला सामनाच टायब्रेकरवर गेला तर ‘हरलेला’ कोण, हे विचारलं जाईल. ‘टायब्रेकरमध्ये हरलेला धरून’ असं लिहा.

मडगावकरीण

आणि पाच पेनल्टीत पुन्हा बरोबरी झाली तर एकेक मारत राहायचं, तेही छापा. कप्तानांना सकाळी बोलावून वाचून दाखवा, नुसता कागद देऊ नका.

पेठेतला_बॅक

तिन्ही घातले. बैठक झाली की काय ठरलं ते इथेच कळवतो.