मदत हवी आहे: अंदमानला स्नॉर्केलिंग करायचंय, पोहता येत नाही, जाड चष्मा आहे आणि मालवणला एकदा घाबरून वर आले होते

नमस्कार मंडळी,

जानेवारीच्या दुसऱ्या आठवड्यात आम्ही दोघं अंदमानला निघालोय. मी ५६, हे ६१. सेल्युलर जेल, राधानगर बीच, नील बेट सगळं ठरलंय. अडलंय एकाच ठिकाणी. हॅवलॉकहून (आताचं स्वराज द्वीप) एलिफंट बीचला बोटीने नेतात आणि तिथे गाइडबरोबर स्नॉर्केलिंग (मास्क आणि श्वासाची नळी लावून, तोंड पाण्यात घालून तरंगत खालचं बघणं) करवतात. ते मला करायचंच आहे.

का, तेही सांगते. साताऱ्याजवळच्या एका शाळेत मी अठ्ठावीस वर्षं विज्ञान शिकवलं. हायड्रा, जेलीफिश, प्रवाळ हा भाग दरवर्षी यायचा आणि दरवर्षी मी फळ्यावर रंगीत खडूने प्रवाळ काढायचे. मुलं विचारायची, "बाई, हा दगड आहे की प्राणी?" मी उत्तर द्यायचे, पण जिवंत प्रवाळ स्वतः कधी पाहिलेलं नव्हतं. निवृत्त झाल्यावर मालवणला गेलो ते त्यासाठीच.

तिथे काय झालं ते नीट लिहिते, म्हणजे सांगणाऱ्यांना अंदाज येईल. सिंधुदुर्ग किल्ल्याजवळच्या खडकांपाशी नेलं. बोटीत आम्ही नऊ जण आणि पाण्यात उतरवायला एकच मुलगा. मास्क हातात दिला, नळी दिली, "तोंडाने श्वास घ्या" म्हणाला आणि उतरवलं. डोकं खाली घातलं आणि मास्कमध्ये पाणी आलं. मी सवयीने नाकाने श्वास ओढला. खारं पाणी थेट नाकातून घशात. दोर धरून वर आले, ती परत उतरलेच नाही. दोन मिनिटंही झाली नसतील. चष्मा बोटीत काढून ठेवलेला, त्यामुळे त्या दोन मिनिटांतही हिरवट धुकंच दिसलं.

आता प्रश्न. चष्म्याचा नंबर उजवा उणे साडेपाच, डावा उणे पाच, थोडा सिलिंडरही (तिरपा नंबर) आहे, काय करावं? पोहता अजिबात येत नसताना हे खरंच सुरक्षित आहे का? मला रक्तदाबाची एक गोळी रोज चालू आहे. ह्यांना भरघोस मिशी आहे, आणि मिशीमुळे मास्कमध्ये पाणी येतं असं कुणीतरी म्हणालं, ते खरं का? आणि एलिफंट बीच बरा की जॉली बॉय बेट?

आगाऊ धन्यवाद.

---

प्रतिसाद: खारा_वारा

ताई, तुम्ही घाबरलात यात तुमची काही चूक नव्हती. नऊ जणांमागे एक माणूस आणि सराव शून्य, असं असेल तर चांगला पोहणाराही गडबडतो. मी बरीच वर्षं लोकांना पाण्यात उतरवतो. माझा अनुभव असा की पोहता न येणं ही मोठी अडचण नाही. तरंगवायला जॅकेट आणि रिंग असते. खरी अडचण असते ती नाक बंद ठेवून, तोंडाने, सावकाश श्वास घ्यायची. हे घरी शिकता येतं.

आधी मास्क. पट्टा न लावता मास्क चेहऱ्यावर ठेवा आणि नाकाने हलकेच हवा ओढा. हात काढल्यावरही मास्क चिकटून राहिला तर तो तुमच्या चेहऱ्याचा. पडला तर दुसरा बघा. पट्टा करकचून आवळून गळती थांबत नाही, उलट वाढते. कपाळावरची एक बट जरी रबराखाली राहिली तरी तिथून पाणी येतं. मालवणला बहुतेक तेच झालं असावं.

मग घरात मोठं घंगाळ किंवा टब असेल तर त्यात कोमट पाणी घ्या. स्टुलावर बसा, मास्क-नळी लावा, तोंड पाण्यात घाला आणि दहा श्वास मोजा. श्वास सोडायला घेण्यापेक्षा जास्त वेळ द्या. रोज दहा मिनिटं, आठ-दहा दिवस. शेवटच्या दोन दिवसांत मुद्दाम मास्कमध्ये थोडं पाणी येऊ द्या आणि नाकाशी पाणी असतानाही तोंडाने श्वास चालू ठेवा. हे जमलं की भीतीचं मूळच गेलं. मास्कमधलं पाणी काढायला कपाळाकडची कड दाबून धरायची, मान थोडी वर करायची आणि नाकाने हवा सोडायची. पाणी खालून निघून जातं. नळीत पाणी आलं तर तोंडाने एक जोरदार फुंकर.

मिशीचं खरं आहे. मास्कची खालची कड नाक आणि ओठ यांच्या मधे बसते आणि केसांतून पाणी झिरपतं. सगळी मिशी काढायची गरज नाही. नाकाखालची बारीक पट्टी साफ केली की पुरतं, समोरून कळतही नाही.

---

प्रतिसाद: काचघर

चष्म्यापुरतं लिहितो, माझं दुकान आहे. तयार नंबरी काचा बसवलेले मास्क मिळतात, अर्ध्या-अर्ध्या नंबराच्या टप्प्यात, दोन्ही डोळ्यांना वेगळा नंबर चालतो. सिलिंडर त्यात नसतो. तो थोडाच असेल तर अडत नाही. मास्कमधून पाण्यातल्या वस्तू पाव अंतराने जवळ आणि मोठ्या दिसतात, त्यामुळे नंबर किंचित कमी असला तरी चालतो. तिथे भाड्याने मिळेल या भरवशावर राहू नका, इथूनच घेऊन जा. नवा मास्क असेल तर काच आतून टूथपेस्टने दोन-तीनदा घासून धुवा. कारखान्यातला थर त्यावर असतो, तो राहिला तर वाफ धरते. कॉन्टॅक्ट लेन्स लावून समुद्रात जाऊ नका. फारच गरज पडली तर एकदाच वापरायच्या घ्या आणि बाहेर आल्यावर फेकून द्या.

---

प्रतिसाद: नाडीपरीक्षा

रक्तदाब आटोक्यात असेल आणि दोन जिने दम न लागता चढत असाल तर साधारणपणे अडचण येत नाही, पण जाण्याआधी तुमच्या डॉक्टरांना दाखवून घ्या, यजमानांनाही. त्या दिवशीची गोळी चुकवू नका. पाण्यात दम लागला, छातीत जड वाटलं, तर 'जाईल थोड्या वेळात' म्हणून थांबायचं नाही. तोंड वर, नळी बाहेर आणि लगेच किनाऱ्यावर. अख्खा चेहरा झाकणारे मास्क मिळतात, ते सोपे वाटतात, पण ते घेऊ नका असं मी सगळ्यांना सांगतो. त्यात सोडलेली हवा साचू शकते, आणि घाबरल्यावर पटकन काढता येत नाहीत.

---

प्रतिसाद: बंगालचा_उपसागर

बँकेच्या नोकरीत पाच वर्षं पोर्ट ब्लेअरला (आता श्री विजयपुरम) होतो, म्हणून थोडं.

तुमच्यासाठी एलिफंट बीच. पाणी उथळ आहे आणि प्रवाळ किनाऱ्यापासून फार लांब नाही. जॉली बॉय वंडूरच्या महात्मा गांधी सागरी राष्ट्रीय उद्यानात येतं. तिथे प्लास्टिक नेता येत नाही, गर्दी कमी, आणि काचेच्या तळाच्या बोटीतूनही प्रवाळ दिसतं. दिवस हाताशी असेल तर दोन्ही करा.

एलिफंट बीचच्या बोटीच्या तिकिटात बहुधा छोटं स्नॉर्केलिंग धरलेलं असतं. ते जेमतेम दहा-पंधरा मिनिटांचं असतं आणि रिंगला चार-पाच जण लावून ओढत नेतात. तुम्ही जास्तीचे पैसे देऊन फक्त तुम्हा दोघांसाठी गाइड घ्या आणि अर्धा-पाऊण तास मागा. पाण्यात उतरायच्या आधीच सांगा की पहिली पाच मिनिटं कमरेएवढ्या पाण्यात उभं राहून सराव करायचाय. जो "हो" म्हणेल त्याच्याबरोबर जा. खुणाही ठरवून घ्या. अंगठा वर केला की आपल्याला 'छान' वाटतं, पण डायव्हिंगच्या भाषेत त्याचा अर्थ 'वर चला' असा होतो. 'ठीक आहे'साठी अंगठा आणि तर्जनीचं वर्तुळ.

सकाळची पहिली बोट धरा. तिथे जानेवारीत सूर्य पाचच्या सुमारास मावळतो, दुपारनंतर सगळं आवरायला लागतं. हॉटेलवर भरती-ओहोटीची वेळ विचारा. पूर्ण ओहोटीला पाणी इतकं कमी होतं की पोट प्रवाळाला लागेल अशी भीती वाटते.

एक गोष्ट आधीच सांगतो, कारण तुम्ही एवढ्या वर्षांची ओढ घेऊन जाताय. फोटोतल्यासारखे भडक रंग सगळीकडे दिसणार नाहीत. जिवंत प्रवाळ बरंचसं तपकिरी, पिवळट, हिरवट असतं. २०१० साली समुद्र तापला तेव्हा अंदमानचं पुष्कळ प्रवाळ पांढरं पडून मेलं. काही ठिकाणी तुटक्या फांद्यांचा खच दिसेल. पण त्यातच नवं उगवलेलंही दिसेल. गाइडला सांगा, जिवंत दाखव.

आणि पाय टेकू नका, कितीही दमलात तरी. तळव्याएवढा तुकडा वाढायला वर्षं लागतात. सनस्क्रीनऐवजी पूर्ण बाह्यांचा स्विमिंगचा टी-शर्ट घाला. ऑक्सिबेन्झोन आणि ऑक्टिनोक्सेट ही रसायनं असलेली सनस्क्रीन प्रवाळाला घातक म्हणून हवाईमध्ये २०२१ पासून विकायलाच बंदी आहे. किनाऱ्यावर पडलेला मेलेला तुकडाही पिशवीत टाकू नका. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने प्रवाळाला संरक्षण आहे आणि विमानतळावर सामान तपासतात.

---

धागाकर्ती

सगळ्यांचे मनापासून आभार. मास्क मागवला. आईचं तांब्याचं घंगाळ माळ्यावरून काढलंय. पहिल्या दिवशी तीन श्वासांवर डोकं वर आलं, आज सहाव्या दिवशी चाळीस झाले. मिशीचा विषय अजून चर्चेत आहे.

---

धागाकर्ती (तीन आठवड्यांनी)

जाऊन आलो. ज्यांनी ज्यांनी लिहिलं त्यांच्यासाठी हे सविस्तर.

गाइड पंचविशीतला मुलगा होता. मी आधी मालवणचं सगळं सांगितलं. तो म्हणाला, "माँजी, जब तक आप नहीं बोलोगे, आगे नहीं जाएँगे।" कमरेएवढ्या पाण्यात मी रिंग धरून तोंड खाली घातलं आणि घंगाळातल्यासारखे श्वास मोजायला लागले. एकदा मास्कमध्ये पाणी आलं. नाकाशी गार लागलं, छाती धडधडली, पण श्वास तोंडानेच चालू राहिला. कड दाबली, नाकाने हवा सोडली, पाणी गेलं. तिथे मला कळलं की आता जमेल.

जॅकेटबद्दल एक भर घालते: ते सैल असेल तर कानापर्यंत वर सरकतं आणि पालथं पडताच येत नाही. खालचे बंद घट्ट करून घ्या.

मग तो आम्हाला सावकाश पुढे घेऊन गेला. आधी वाळू, मग मेलेल्या फांद्यांचा राखाडी खच. मन जरा खट्टू झालं. तेवढ्यात त्याने बोट दाखवलं. मेंदूसारख्या वळ्यावळ्यांचा एक गोळा, परातीएवढा, शेवाळी रंगाचा. शेजारी हरणाच्या शिंगांसारख्या फांद्या, टोकं फिकट जांभळी, म्हणजे वाढती. अ‍ॅनिमोन या फुलासारख्या दिसणाऱ्या समुद्री प्राण्याच्या बोटांमध्ये केशरी मासे आतबाहेर करत होते. आणि आवाज! पाण्याखाली इतका आवाज असेल असं वाटलं नव्हतं. तव्यावर मोहरी तडतडावी तसा सतत बारीक कडकडाट; गाइड म्हणाला तो कोळंबीच्या जातीतल्या एका प्राण्याचा. मध्येच निळाहिरवा पोपटमासा आला आणि चोचीने खडक खरवडायला लागला. त्याचं कर्र-कर्र स्पष्ट ऐकू येत होतं.

त्या गोळ्यावर मी बराच वेळ थांबून राहिले. नंबरी काचांमुळे एकेक वळी, तिच्या कडेचे दाते दिसत होते. ते सगळं एकेका बारीक जिवाने चुना साठवून बांधलेलं. वर्गातल्या त्या प्रश्नाचं उत्तर समोर होतं. मास्कच्या आत डोळ्यांत पाणी आलं, ते काही फुंकून काढता येईना. पस्तीस मिनिटं होते मी पाण्यात.

ह्यांनी आदल्या रात्री नाकाखालची पट्टी काढली. खरोखर कळत नाही, आणि मास्क शेवटपर्यंत कोरडा राहिला.

जॉली बॉय या वेळी राहिलं. साडेपाच-पाचचा मास्क धुऊन, वाळवून कपाटात ठेवलाय. सातारा-कराडकडे कुणाचा नंबर जवळपास असेल आणि जायचं ठरत असेल तर व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा, खुशाल घेऊन जा. घंगाळही मिळेल.