खरेदीखतात 'भरून पावला' म्हणजे नक्की काय? मदत हवी आहे
मंडळी नमस्कार, आईच्या नावावरची गावाकडची दीड एकर जमीन विकायचं ठरलंय. निम्मे पैसे आरटीजीएसने आलेत, बाकीच्याचे पुढच्या तारखांचे दोन चेक देणार आहेत. वकिलांनी मसुदा व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवला त्यात भरण्याच्या तपशिलाखाली लिहिलंय, "येणेप्रमाणे संपूर्ण मोबदला लिहून देणार यांस भरून पावला, त्याबद्दल काहीएक तक्रार राहिली नाही." (लिहून देणार म्हणजे विकणारी, इथे आई.)

देव पावला हे आपण रोज म्हणतो, पण दस्तातलं पावणे म्हणजे मिळणे आणि भरून पावणे म्हणजे पूर्ण मिळणे, बरोबर ना? मग चेक वटायच्या आधीच आईने यावर सही का करायची? वकील म्हणतात ठरलेलं वाक्य आहे, सगळ्यांच्याच दस्तात असतं, एजंटचंही तेच.

मला धास्ती वाटते ती सुप्रीम कोर्टाच्या २०२० च्या दहिबेन विरुद्ध अरविंदभाई निकालामुळे. सुरतकडची जमीन, २००९ चं खरेदीखत, १ कोटी ७४ लाख रुपये ३६ चेकने मिळाले असं दस्तात, विकणारे म्हणतात हातात फक्त ४० हजार आले, आणि दावा लावला थेट २०१४ मध्ये. तो सुरुवातीलाच फेटाळला गेला, मुदतही उलटलेली होती. कोर्ट म्हणालं की पैसे बाकी आहेत एवढ्यावरून नोंदणी झालेली विक्री रद्द होत नाही, बाकीच्या रकमेसाठी दावा लावता येतो. तर "चेक वटल्यावर रक्कम पावली असे समजावे" असं घालून घेता येईल का? कृपया जाणकारांनी सांगा, आईची दुसरी काही पुंजी नाहीये.

प्रतिसाद:
दादा, धास्ती बरोबर आहे, ते वाक्य तसंच ठेवू नका. 'पावले' फक्त आरटीजीएसच्या रकमेपुढे, चेकपुढे नंबर, बँक, तारीख आणि "वटण्यावर अवलंबून" असं स्वच्छ लिहा. मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५४ मध्ये किंमत दिलेली किंवा द्यायची कबूल केलेली, दोन्ही चालतं, म्हणून मालकी आधी जाऊ शकते. कलम ५५ खाली बाकी किमतीचा बोजा, म्हणजे वसुलीचा हक्क, त्या जमिनीवर सांगता येतो खरा, पण आईने स्वतःच 'तक्रार नाही' लिहून दिलं की तो सांगणं जड जातं. त्यापेक्षा आत्ता साठेखत, म्हणजे पुढे विकण्याचा करार, नोंदवा, त्याने मालकी जात नाही. दोन्ही चेक खात्यात जमा झाले की मग खरेदीखत, आणि ताबाही तेव्हाच द्या.