नाझिमोवाचा ‘सलोमे’ – नाटक वाचलेल्यांना कसा वाटला?

काल अभिनेत्री अला नाझिमोवाचा सलोमे बघितला, १९२२ सालचा मूकपट, बायबलमधल्या राजकन्या सलोमेवरचा. तो ज्यावर आहे ते ऑस्कर वाइल्डचं नाटक कॉलेजात वाचलं होतं आणि त्याची भाषाच डोक्यात बसलीये, ते सुरुवातीला प्रत्येकाला चंद्र वेगळाच दिसतो ना, ते तर पाठ होतं. इथे ती भाषाच गायब, मधे येणाऱ्या संवादांच्या पाट्यांवर चार ओळी येतात नि जातात, बाकी सगळे पुतळ्यासारखे उभे. मग याचं एवढं कौतुक का? खरंच समजून घ्यायचंय.

प्रतिसाद १
पुतळ्यासारखे उभे ते मुद्दाम आहे रे. सेट आणि कपडे नताशा रॅम्बोव्हाचे, आणि ते चित्रकार ऑब्रे बियर्डस्लीने नाटकाच्या १८९४च्या इंग्रजी आवृत्तीसाठी काढलेल्या चित्रांवरून घेतलेत. ती चित्रं शेजारी ठेवून परत बघ. सलोमेच्या केसांवरचे ते पांढरे मणी मान जराशी हलली तरी थरथरतात, बाकी फ्रेम गप्प असते म्हणून तर तेवढंच दिसतं.

प्रतिसाद २
मला वाटतं हे नाटक मूकपटासाठीच होतं. त्यात सगळे एकमेकांना काय सांगतात, तर सलोमेकडे बघू नकोस. तरी तो सिरियन तरुण बघतो, तिचा सावत्र बाप राजा हेरोद बघतो, आणि ती ज्याच्यासाठी जीव टाकते तो कैदेतला प्रेषित योकनान मात्र बघायलाच तयार नाही. शेवटी त्याचं कापलेलं शिर समोर असताना ती तेच म्हणते, तू माझ्याकडे बघितलं असतंस तर प्रेम केलं असतंस. ही वासना सगळी डोळ्यांची आहे, ती दाखवायला शब्द कशाला हवेत!

प्रतिसाद ३
वरच्याशी बरंचसं सहमत, पण हेरोदसमोरचा तो नाच, ज्याच्या बदल्यात ती योकनानचं शिर मागते, मला फिका वाटला. अर्थात नाटकातही त्या सात ओढण्यांच्या नाचाला एका ओळीची सूचना आहे फक्त. आणि नाझिमोवा तेव्हा चाळिशी ओलांडलेली, पोरसवदा राजकन्या करतेय, ते मला आधी खटकलं, नंतर नाही. तिने स्वतःचे पैसे घातले होते यात आणि ते बुडाले, हे वाचल्यापासून तर माझा जीवच जडलाय या सिनेमावर. नाटकाच्या नशिबीही तसंच, बायबलमधली पात्रं रंगमंचावर नकोत म्हणून लंडनमध्ये १८९२ला फ्रेंच अभिनेत्री सारा बर्नहार्टच्या तालमी चालू असताना परवानगी नाकारली, आणि १८९६ला पॅरिसमध्ये पहिला प्रयोग झाला तेव्हा वाइल्ड तुरुंगात होता.

मूळ प्रश्नकर्ता
ते बघण्याचं डोक्यातच आलं नव्हतं, मी पाट्याच वाचत बसलो. आज रात्री परत लावतो, यावेळी फक्त कोण कुणाकडे बघतंय तेवढंच बघणार.