रुळांवर वाळू टाकणारा हात
ऐतिहासिक रेल्वेप्रवासांमागे धावणाऱ्या माहितीपटकाराचे वेड म्हणजे निव्वळ स्मरणरंजन होय, हे मत मला अर्धेच पटते. १८८१ मध्ये पूर्ण झालेल्या दार्जिलिंग हिमालयीन रेल्वेचेच उदाहरण घ्यावे. जेमतेम दोन फुटी रुळांवरून ही गाडी वळसे घेत घूम स्थानकाच्या सुमारे २,२५८ मीटर उंचीपर्यंत चढते, आणि चढावर वाफेच्या इंजिनाची चाके घसरू लागली की पुढच्या बाजूला बसलेला माणूस हाताने रुळांवर वाळू टाकतो. धुराची आणि दरीची दृश्ये कोणीही टिपतो (ड्रोनमुळे तर ते फारच सोपे झाले आहे). त्या हाताची नेमकी वेळ पकडण्यासाठी मात्र त्याच मार्गावर पुन्हा पुन्हा जावे लागते, आणि असे जाणे वेडाशिवाय होत नाही.